दोनदा पळाला, तरी गादी त्याचीच: नुबियाच्या राजा सेमामूनचं प्रकरण

1289 साली कैरोहून निघालेलं ममलूक सैन्य, म्हणजे इजिप्तच्या सुलतानाचं सैन्य, नाईलच्या दोन्ही काठांनी कूच करत शेवटी नुबियाच्या राजधानीत, म्हणजे डोंगोलात पोचलं, तेव्हा अख्ख्या शहरात त्यांना माणसं सापडली फक्त दोन. एक म्हातारा आणि एक म्हातारी. राजा कुठंय विचारलं तर म्हणाले, इथून पंधरा दिवसांच्या वाटेवर नदीत एक बेट आहे, तिथं. आता हे सैन्य कोणाचं, तर ज्यांनी 1260 ला ऐन जालूतला मंगोलांना हरवलं होतं आणि त्याच 1289 च्या एप्रिलमध्ये क्रुसेडर लोकांकडून त्रिपोली हिसकावून घेतलं होतं त्या ममलूकांचं. तेव्हाची त्या भागातली सगळ्यात तगडी फौज. आणि समोर कोण, तर सेमामून नावाचा एक राजा ज्याचं नाव आज सुदान-इजिप्तचा इतिहास वाचणारे सोडले तर कोणी घेत नाही.

मला हे प्रकरण इंटरेस्टिंग वाटतं ते यासाठी की इथं कैरोवाल्यांच्या हातात एकूण एक गोष्ट होती. फौज त्यांची, होड्या त्यांच्या, गादीवर बसवायला कायदेशीर वारसदार, मुकुटसुद्धा. आणि तरी राजा काही त्यांना बनवता आला नाही. पण म्हणून सेमामून जिंकला असं म्हणून मोकळं व्हावं तर तेही जमत नाही, त्याच्यावर शेवटी येतोच.

आधी थोडी पार्श्वभूमी, नाहीतर कोण कोणाचा भाचा ते कळणार नाही.

आजच्या सुदानच्या उत्तर भागात, नाईलच्या काठाने, माकुरिया नावाचं ख्रिश्चन राज्य होतं, डोंगोला त्याची राजधानी; वर नुबिया म्हटलंय ते हेच. अरबांनी इजिप्त घेतल्यावर ते इथंही चालून आले पण नुबियन धनुर्धारी इतके नेमके की अरबांनी त्यांना नावच पाडलं, डोळ्यांच्या बाहुल्या फोडणारे. शेवटी 652 च्या सुमारास तह झाला, त्याला बक्त म्हणतात. नुबियाने वर्षाला 360 गुलाम द्यायचे, बदल्यात इजिप्तकडून धान्य वगैरे यायचं, आणि एकमेकांच्या वाटेला जायचं नाही. ही व्यवस्था, अधूनमधून थकबाकी आणि कुरबुरी धरून, सहाशे वर्षं टिकली. सहाशे! आपल्याला आफ्रिकेचा मध्ययुगीन इतिहास म्हटलं की फारतर मालीचा मनसा मुसा आणि त्याचं सोनं आठवतं, हे राज्य मात्र कुठंच नसतं.

भाच्यांचा घोळ

माकुरियात गादी मुलाकडे जातेच असं नाही, बहिणीच्या मुलाचा हक्क तिथं मोठा. म्हणजे मामाची गादी भाच्याला. मामा-भाचे म्हटलं की आपल्याकडे कंस आणि कृष्ण आठवतात, आणि खरं सांगायचं तर इथलं प्रकरण त्यापेक्षा फार वेगळं नाही. कारण या पद्धतीत राजाच्या बहिणी किती, त्यांची मुलं किती, मावसभाऊ किती, आधीच्या राजाचे भाचे किती, सगळ्यांचा थोडा थोडा हक्क. घरातल्या घरात निभावून न्यायची सवय असेल तोवर हे चालतं, त्यात फायदाही असतो की एकाच पोरावर सगळं अवलंबून नाही. पण शेजारी एखादी महासत्ता बसलेली असेल आणि नाराज भाच्याला तिचं दार माहीत झालं, की मग संपलं.

ते दार पहिल्यांदा वाजवलं शेकंदाने. झालं असं की 1272 मध्ये माकुरियाच्या राजा दाऊदच्या लोकांनी तांबड्या समुद्रावरच्या ऐझाब बंदरावर हल्ला केला. हे बंदर साधं नव्हतं, हजला जाणारे यात्रेकरू इथून जायचे आणि भारताकडची मिरी-मसाले एडनमार्गे इथंच उतरायची. पुढे असवानवरही धाड पडली, तिथले बैलांनी ओढायचे रहाट जाळले. कैरोचा ममलूक सुलतान बैबर्स हे सोडून देणाऱ्यातला नव्हताच. नेमका त्याच सुमारास दाऊदचा नातलग शेकंदा कैरोत जाऊन बसला की गादी माझी आहे, याने बळकावली, मला मदत करा.

सुलतानाला हे आयतं सापडलं. 1276 मध्ये फौज गेली, दाऊद हरला, त्याची आई आणि बहीण पकडल्या गेल्या (ज्या राज्यात हक्क बाईच्या बाजूने जातो तिथं याचा अर्थ काय ते सांगायला नको). दाऊद दक्षिणेला अल-अबवाब नावाच्या राज्यात पळाला तर तिथल्या राजाने त्याला धरून कैरोला पाठवून दिलं. तो तुरुंगातच मेला. शेकंदाला डोंगोलात राज्याभिषेक झाला आणि त्याच्याकडून जी शपथ घेतली तिच्या अटी वाचल्या तर कळतं की राजा झाला तो नावापुरता: उत्पन्नाचा अर्धा हिस्सा सुलतानाचा, दर वर्षी 3 हत्ती, 3 जिराफ, 5 बिबट्याच्या माद्या, 100 सांडणी उंट आणि 400 बैल, प्रत्येक प्रौढ पुरुषामागे एक दिनार जिझिया, आणि वर असवानला लागून असलेला उत्तरेचा मुलूख, राज्याचा जवळजवळ चौथा भाग, थेट सुलतानाच्या खासगीत.

शेकंदाचा पुढे खून झाला. होणारच होता, असल्या अटींवर गादी घेतलेल्या माणसाला घरचे किती दिवस ठेवणार.

पहिली फेरी

1280 च्या दशकात गादीवर दिसतो तो सेमामून. कैरोच्याच दरबारी लेखकांनी त्याला धूर्त, शूर असं म्हटलंय, आणि शत्रूच्या कारकुनाने लिहिलेलं कौतुक मी तरी खरं धरतो. तिकडे आता सुलतान कलावून. 1286 मध्ये अल-अबवाबचा राजा अदूर याने कलावूनकडे वकील पाठवला, सोबत हत्ती-जिराफ, आणि सेमामूनविरुद्ध तक्रार. म्हणजे सेमामूनच्या उत्तरेला ममलूक आणि दक्षिणेला त्यांच्याकडे चुगल्या करणारा शेजारी. मधे हा.

1287-88 च्या मोहिमेत फौज दोन भागात आली, एक पश्चिम काठाने आणि एक पूर्व काठाने, ज्या काठावर डोंगोला आहे. सेमामूनने काय केलं बघा. उत्तरेच्या सुभेदाराला, त्याचं नाव जुरैस, त्याने हुकूम दिला की लढायचं नाही, मुलूख रिकामा करत मागे मागे ये. हा जुरैस म्हणजे लहानसहान माणूस नाही, त्याचा हुद्दा ‘डोंगराचा धनी’, इजिप्तकडून येणारा प्रत्येक व्यापारी याच्या परवानगीशिवाय पुढे जाऊ शकत नसे, सरहद्दीचं सगळं राजकारण याच्या हातातलं. तो हुकमाप्रमाणे हटत हटत डोंगोलाला आला. तिथं मात्र सेमामूनने मैदानात लढाई दिली आणि हरला. पळाला. ममलूकांनी पंधरा दिवस पाठलाग केला, राजा हाती लागला नाही पण जुरैस सापडला आणि राजाचा एक मावसभाऊ सापडला.

आता ममलूकांनी जे केलं ते हुशारीचं होतं हे मान्य करायला पाहिजे. कोणी भलता माणूस त्यांनी गादीवर बसवला नाही. बसवला सेमामूनच्याच बहिणीचा मुलगा. नुबियन रिवाजाप्रमाणे पुढेमागे तोच राजा व्हायचा होता! म्हणजे कैरोचं म्हणणं एवढंच की तुमचाच नियम, तुमचाच वारस, आम्ही फक्त जरा लवकर बसवतोय. जुरैसला परत त्याच्या जागेवर नेमलं, खंडणी ठरवली, थोडी शिबंदी मागे ठेवली आणि फौज लूट घेऊन घरी.

फौजेची पाठ वळली आणि सेमामून परत आला. शिबंदी हरली, भाचा आणि जुरैस दोघे पळत कैरोला. एवढी मोठी मोहीम आणि हिशेब पुन्हा शून्यावर.

इथं एक गोष्ट लक्षात घ्यायची, ती म्हणजे जुरैसचं बाजू बदलणं. पहिल्या मोहिमेत तो राजाचा हुकूम पाळत होता, पकडला गेला, आणि मग ममलूकांचा माणूस झाला. गद्दार म्हणायला सोपं आहे पण तो ज्या मुलखाचा सुभेदार होता तो 1276 च्या तहापासून कागदोपत्री सुलतानाचाच होता, त्यामुळे त्याला दोन्हीकडे तोंड द्यावं लागत होतं आणि राजा तर प्रत्येक वेळी त्याच्याच प्रदेशातून माघार घेणार. त्याच्या जागी बसलेल्या माणसाला दुसरं काय सुचलं असतं मला माहीत नाही.

दुसरी फेरी, आणि तो रिकामा मुलूख

कलावून चिडला. 1289 ची मोहीम जास्त मोठी, सरदार इझ्झुद्दीन अल-अफरम, सोबत नदीतून होड्यांचा ताफा. मधेच गंमत म्हणजे ज्या भाच्याला गादीवर बसवायला नेत होते तो असवानलाच वारला. कैरोला कळवलं, तर कैरोने ताबडतोब दुसरा भाचा पाठवला, यावेळी जुन्या दाऊद राजाच्या बहिणीचा मुलगा. यावरून कळतं की सुलतानाकडे भाच्यांचा साठाच होता. उमेदवार मेला तर दुसरा तयार.

जुरैस पुढे पुढे जाऊन लोकांना धीर देत होता. त्याच्या हद्दीपर्यंत, म्हणजे मिकाईलच्या बेटांपर्यंत, लोक घरातच राहिले, बाहेर येऊन जमिनीला ओठ लावून मुजरे केले, त्यांना काही झालं नाही. त्याच्या पुढचा मुलूख सेमामूनचं ऐकणारा, तिथले लोक आधीच उठून गेलेले. मग फौजेने तिथं घोडे उभ्या पिकात सोडले, जे सापडले त्यांना मारलं, घरं जाळली, रहाट जाळले. नाईलकाठी पट्टी अरुंद आणि पलीकडे वाळवंट, रहाट नसेल तर नदी दोन हातांवर असून शेतात पाणी नाही. रहाट बनवायला लाकूड लागतं, बैल लागतात, वर्षं लागतात. सेमामूनच्या डावपेचाची किंमत जी आहे ती इथं आहे. राजा पळू शकतो, शेत पळत नाही. मुलूख रिकामा करून शत्रूला दमवायचं हे ऐकायला भारी वाटतं पण रिकाम्या मुलखाचं काय झालं हे कोणी सांगत नाही.

असो. डोंगोलात ते म्हातारा-म्हातारी भेटले. फौज पंधरा दिवस पुढे गेली, बेट दिसलं, पण ममलूकांच्या होड्या पुढे जाईनात कारण तिथं नदीत सगळे खडक. नाईल ही इथं सरळ वाहणारी नदी नाहीच, ठिकठिकाणी खडकाळ उतार, त्यातून वाट काढायची तर तिथल्याच नावाड्याला माहिती. काठावरून अल-अफरमने निरोप पाठवला की शरण ये, जिवाला धक्का लावणार नाही. सेमामून नाही म्हणाला. तीन दिवस दोघं एकमेकांकडे बघत बसले. मग आणखी होड्या येतायत अशी कुणकुण लागली तसा सेमामून तिथूनही निसटला, तीन दिवसांवरच्या अल-अबवाबकडे.

आणि इथं त्याची साथ सुटली. बरोबरचे सरदार, बिशप, पाद्री सगळे मागे थांबले, आणि सोन्याचा मुकुट आणि चांदीचा क्रूस घेऊन अल-अफरमकडे गेले, अभय मागितलं. त्याने दिलं, वर मानाची वस्त्रंही दिली. सगळे डोंगोलाला परत.

डोंगोलात मग सोहळाच झाला. शहरातल्या सगळ्यात मोठ्या चर्चमध्ये, येशूच्या चर्चमध्ये, मेजवानी. नदीत होड्या सजवलेल्या, नाफ्थाच्या आगीचे खेळ. नव्या राजाच्या डोक्यावर मुकुट, त्याने शपथ घेतली, सरदारांनी शपथ घेतली, बक्त ठरला. रुक्नुद्दीन बैबर्स अल-इझ्झी नावाच्या अधिकाऱ्याकडे शिबंदी दिली आणि मोठी फौज निघाली घरी. कागदावर बघाल तर एक कमी नाही: वंश बरोबर, मुकुट आहे, चर्च हजर, शपथ झाली, मागे सैनिक आहेत.

एका रात्रीत

फौज लांब गेल्याची खात्री झाल्यावर सेमामून रात्रीच्या अंधारात डोंगोलात आला. सोबत सैन्य नाही, डोक्यावर मुकुट नाही, तो तर महालात दुसऱ्याच्या डोक्यावर. आणि तो महालाकडे गेलाच नाही. एकेका सरदाराच्या दारात जाऊन उभा राहिला आणि हाक मारली. सरदार बाहेर यायचा, समोर राजा बघायचा, जमिनीला ओठ लावून निष्ठेची शपथ घ्यायचा. मग पुढचं दार. उजाडायच्या आत अख्खं नुबियन सैन्य त्याच्या बाजूला, आणि मगच त्याने महाल वेढला.

मला विचाराल तर सगळ्या प्रकरणाची किल्ली या दारोदार फिरण्यात आहे. हे तेच लोक ना ज्यांनी काही दिवसांपूर्वी नव्या राजासमोर शपथ घेतली होती, ज्यांच्यातल्याच काहींनी मुकुट नेऊन शत्रूच्या हातात दिला होता? मग एका हाकेवर फिरले कसे? माझं मत असं की ते फिरलेच नव्हते. ममलूक फौज समोर असताना मुकुट देऊन टाकणं हे शहर आणि जीव वाचवायला होतं, त्यात पुढच्या कराराचा भाग नव्हता. सेमामूनला हे नीट माहीत असणार, म्हणून त्याने गद्दार म्हणून कोणाला धरलं नाही, सूड वगैरे काढत बसला नाही, सरळ एकेकाला परत यायची संधी दिली. आणि एकट्या एकट्याला गाठलं हे महत्त्वाचं. सगळ्यांना एकत्र बोलावलं असतं तर प्रत्येकजण दुसऱ्याच्या तोंडाकडे बघत बसला असता. दारात स्वतः राजा उभा आहे, शेजाऱ्याने होय म्हटलंय की नाही ते माहीत नाही, नाही म्हणण्याचा धोका मोठा आणि होय म्हणणं सोपं.

कैरोच्या हातात वंश होता, मुकुट होता. सरदार नव्हते.

पुढे त्याने केलं ते क्रूर आहे पण त्यातही हिशेब दिसतो. रुक्नुद्दीन आणि त्याची शिबंदी, जे खरे परके, त्यांना त्याने जिवंत सोडलं, जा म्हणाला, ते इजिप्तमधल्या कूस शहरी परत गेले. पण गादीवर बसलेला तो भाचा, त्याचे कपडे उतरवून, ताजा बैल कापून त्याच्या कातड्याच्या पट्ट्या ओल्या असतानाच त्याच्याभोवती आवळल्या आणि खांबाला बांधून ठेवला. कातडं वाळत गेलं, आवळत गेलं, त्यात तो मेला. जुरैसलाही मारलं. एकच दिवस, दोन निरोप. कैरोला निरोप: तुमच्या माणसांच्या केसालाही धक्का नाही, माझं तुमच्याशी भांडण नाही. घरच्या बाकीच्या भाच्यांना निरोप: कैरोच्या होडीत बसून याल तर हे असं होतं.

आणि लगेच त्याने कलावूनला पत्र लिहिलं. माफी मागितली, बक्त दर वर्षी देईन, वर आणखी थोडं देईन, सोबत गुलाम आणि भेटी पाठवल्या. आता कलावूनचं गणित बघा. दोन मोहिमा झाल्या, दोन्हीत फौज जिंकली, दोन्हीत माणूस सटकला. समोर अक्कावर चढाईची तयारी, तिथं क्रुसेडर लोकांचं शेवटचं मोठं ठाणं, पैसा आणि माणसं सगळी तिकडे हवीत. जो राजा हटत नाही तो स्वतःहून खंडणी देतो म्हणतोय. मग तिसरी मोहीम कशासाठी? पत्र आलं, प्रकरण तिथंच राहिलं. नोव्हेंबर 1290 मध्ये कलावून वारला, मे 1291 मध्ये त्याच्या मुलाने, खलीलने, अक्का घेतलं, आणि सेमामून डोंगोलाच्या गादीवर बसलेलाच होता.

मग जिंकला का?

स्वतःपुरता, हो. दाऊद कैदेत मेला, शेकंदाचा खून झाला, हा दोन मोहिमा पचवून राजा राहिला. पण मूळ आजार तसाच होता. गादीवर हक्क सांगणारे खूप, आणि त्यातल्या कोणालाही कैरोचा रस्ता पाठ. भाच्याला कातड्यात आवळून मारल्याने घरचे घाबरले असतील पण किती दिवस? 1304-05 मध्ये नुबियाचा नंतरचा एक राजा, आमाय, स्वतःच कैरोत हजर होता, घरच्या भांडणात फौज मागायला. म्हणजे आता कैरोला यायचीही गरज नाही, हेच जातायत. शिवाय जुरैससारखा, दोन्हीकडची भाषा आणि माणसं ओळखणारा उत्तरेचा माणूस मारून त्याने स्वतःचीच सरहद्द उघडी केली असं मला वाटतं, कारण पुढचं संकट बरोबर त्याच बाजूने आलं.

असवानच्या आसपास बनू कन्झ म्हणून एक मुसलमान अरब घराणं होतं, सरहद्दीवर वजनदार, त्यांच्या प्रमुखाची पदवी कन्झ अद-दौला. यांनी नुबियाच्या राजघराण्यात सोयरीक केलेली. आता अरबांकडे वारसा बापाकडून आणि नुबियात आईकडून, मग राजाची बहीण या घरात आली की होणारा मुलगा बापाकडून कन्झ आणि आईकडून डोंगोलाचा वारस. तलवार न उपसता. 1316 मध्ये सुलतान अन-नासिर मुहम्मदने राजा केरेनबेसला हटवायला दाऊदचा मुसलमान झालेला भाचा, अब्दुल्ला बरशांबू, फौजेसह पाठवला, तेव्हा केरेनबेसने कैरोला कळवलं की सुलतानाला मुसलमानच राजा हवा असेल तर माझ्या बहिणीचा मुलगा कन्झ अद-दौला आहे की, त्याचा हक्क याच्यापेक्षा जास्त. सुलतानाने ऐकलं नाही, कन्झ अद-दौलाला अडकवूनच ठेवलं. बरशांबू राजा झाला, आणि डोंगोलाच्या राजमहालातला वरचा मजला, जिथं दरबार भरायचा, त्याची मशीद झाली. 29 मे 1317 तारखेचा शिलालेख तिथं आहे, आणि त्या इमारतीत नमाज 1969 पर्यंत चालू होती, मग पोलंडच्या पुरातत्त्व पथकाने तिथं काम केलं.

बरशांबू काही फार टिकला नाही. कन्झ अद-दौला सुटून आला, लोक त्याच्या बाजूला गेले, बरशांबू मारला गेला आणि डोंगोलाची गादी बनू कन्झकडे. केरेनबेसनेही पुढे एकदा परत येऊन बघितलं, पुन्हा हाकलला गेला. 1365-66 च्या भाऊबंदकीत तर राजधानीच सोडावी लागली आणि दरबार उत्तरेला दाव इथं हलला. त्यावेळीही एक मामा होता आणि एक भाचा होता.